विद्युत्-परिपथांची रंगीत तालीम

१९६९-७० या शैक्षणिक वर्षातील गोष्ट आहे. अमेरिकेतील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली येथील विद्युत् अभियांत्रिकी विभागात प्राध्यापक रोनाल्ड रोरर यांच्या वर्गात काही मोजके विद्यार्थी येऊन बसले. विषय परिपथशास्त्राचा होता. फळ्यावर सूत्रे लिहिली जातील, ती उतरवून घ्यावी लागतील आणि सत्राच्या अखेरीस त्यांवर प्रश्न विचारले जातील, एवढीच त्यांची अपेक्षा असणार. परंतु रोरर यांनी निराळेच काही सांगितले. या वर्गात परिपथशास्त्र शिकविले जाणार नव्हते. परिपथांचे गणित सोडविणारी एक संगणक-आज्ञावली सर्वांनी मिळून लिहावयाची होती, आणि ती लिहिता लिहिता जे शास्त्र कळेल तेवढे कळावयाचे होते. परीक्षेची अटही तशीच चमत्कारिक होती. त्याच विभागातील प्राध्यापक डोनाल्ड पेडरसन हे आज्ञावली तपासणार. त्यांना ती पसंत पडली तर सगळा वर्ग उत्तीर्ण, न पडली तर सगळा वर्ग अनुत्तीर्ण.

त्या वर्गात लॉरेन्स नेगल नावाचा एक तरुण होता. त्या सत्रात हाती घेतलेले काम त्याने पुढे पाच-सहा वर्षे सोडले नाही, आणि त्या कामाने तर त्याला जन्मभर सोडले नाही. आज भ्रमणध्वनीतील चिप असो, हृदयाचे ठोके राखणाऱ्या यंत्रातील असो, की आपल्या उपग्रहातील असो, प्रत्यक्ष घडविली जाण्यापूर्वी तिची संगणकाच्या पोटात एक रंगीत तालीम होते. आणि ती तालीम घेणारी आज्ञावली बहुधा नेगल यांच्या आज्ञावलीच्या वंशातलीच असते. तिचे नाव स्पाइस. मी अभियंता नव्हे. तर्कशास्त्र घेऊन एम. ए. झालो आणि सरकारी कचेरीत दाखल झालो. तरीही हा विषय मला बोलावासा वाटला, कारण या माणसाच्या कारकीर्दीला जे वळण मिळाले ते एका अटीमुळे मिळाले, आणि ती अट सार्वजनिक कामाशी संबंध असलेल्या प्रत्येकाने विचार करावा अशी आहे. त्या अटीकडे यथावकाश येऊ. आधी ही तालीम लागते कशासाठी, ते पाहिले पाहिजे.

विद्युत्-परिपथ, म्हणजे रोजच्या बोलण्यात आपण ज्याला सर्किट म्हणतो तो, कागदावर आखणे एक आणि तो चालणे दुसरे. जुन्या काळी रेडिओचे शौकीन स्वयंपाकघरातली पाव कापण्याची लाकडी फळी उचलून आणीत, तीवर खिळे ठोकीत, खिळ्यांना तारा गुंडाळीत आणि परिपथ चालतो की नाही ते बघत. त्यावरून अशा कच्च्या जुळणीला ब्रेडबोर्ड हे नाव पडले व ते अजून टिकून आहे. ही विद्या आपल्याकडे जन्मली असती तर आपण तिला बेलाशक पोळपाट म्हटले असते! जोपर्यंत रेडिओत दहा-वीस सुटे भाग होते तोपर्यंत हा पोळपाट पुरत होता. एखादा भाग बिघडला, बदला. रोध कमी पडला, वाढवा.

१९५८-५९ मध्ये जॅक किल्बी आणि रॉबर्ट नॉइस यांनी एकाच अर्धवाहक तुकड्यावर संपूर्ण परिपथ घडविण्याची युक्ती काढली आणि पोळपाटाचे दिवस भरले. कारण चिपवरचा भाग खोलून बदलता येत नाही. ती घडावयास आठवडेच्या आठवडे लागतात, खर्च अतोनात येतो, आणि चूक निघाली तर आरंभापासून पुन्हा सुरुवात. बरे, आधी सुट्या भागांची जुळणी करून पाहावी, तर तीही खोटी साक्ष देते. एकाच चिपवर शेजारी शेजारी घडलेले दोन ट्रान्झिस्टर जुळ्या भावांसारखे असतात. एकाच भट्टीत भाजलेले, एकाच उष्णतेत राहणारे. बाजारातून आणलेले दोन सुटे ट्रान्झिस्टर कितीही निवडून घेतले तरी तसे जुळत नाहीत. शिवाय जुळणीतल्या तारांची स्वतःचीच विद्युत्-धारणा इतकी असते की, चिपच्या आतली अतिसूक्ष्म धारणा तिच्यापुढे नगण्य ठरावी. थोडक्यात, नाटकाची तालीम ज्या रंगमंचावर करावी तो रंगमंचच उपलब्ध नाही, अशी अवस्था झाली. पेडरसन यांना ही अडचण पुस्तकातून कळलेली नव्हती. १९६०च्या सुमारास विद्यापीठातच एकात्मिक परिपथ घडविण्याची प्रयोगशाळा उभारण्याचे धाडस ज्यांनी सर्वांआधी केले त्यांत त्यांचा समावेश होता. चुकलेली चिप किती महाग पडते हे त्यांना स्वतःच्या हातांनी ठाऊक झाले होते.

मग उपाय एकच: परिपथ गणितात चालवून पाहावयाचा. त्याचे नियम फार जुने आहेत. कोणत्याही सांध्यावर जेवढी विद्युतधारा येते तेवढीच बाहेर जाते, आणि एखाद्या वर्तुळमार्गाने फिरून मूळ जागी आले की व्होल्टांची बेरीज-वजाबाकी शून्य होते, हे दोन नियम गुस्ताफ किरखोफ याने १८४५ साली मांडले. तेव्हा तो क्योनिग्सबर्गला शिकत होता, वय एकवीस वर्षांचे, आणि हे काम त्याने तिथल्या अभ्यासवर्गातील एक गृहपाठ म्हणून केले होते! परिपथशास्त्राच्या इतिहासात वर्गातल्या गृहपाठांनी मोठी कामगिरी बजावलेली दिसते. प्रत्येक सांध्यासाठी एक समीकरण लिहावयाचे. सांधे शंभर असतील तर समीकरणे शंभर. त्यांचा तक्ता मांडला तर दहा हजार घरे होतात. परंतु एखाद्या चाळीत शंभर बिऱ्हाडे असली तरी प्रत्येकाची रोजची देवघेव शेजारच्या दोन-चार बिऱ्हाडांशीच असावी, तसे परिपथातही असते. एक सांधा जेमतेम तीन-चार सांध्यांना जोडलेला. म्हणून त्या दहा हजार घरांपैकी बहुतेक घरांत शून्यच असते, आणि शून्यांना हातही न लावता गणित उरकण्याच्या पद्धती त्याच सुमारास पुढे येत होत्या. रोरर यांच्या विद्यार्थ्यांनी त्यांचा चांगला उपयोग करून घेतला.

खरी अडचण आणखी पुढेच आहे, आणि ती मला इतकी मनोरंजक वाटली की आकडेमोड मी स्वतः करून पाहिली. पाच व्होल्टची बॅटरी, तिला एक हजार ओहमचा रोधक आणि त्याच्यापुढे एक डायोड, एवढाच परिपथ घ्या. डायोड हा एकाच दिशेने विद्युतधारा जाऊ देणारा दरवाजा होय. त्याचा स्वभाव असा की त्याच्यावरचा व्होल्ट सुमारे ०.०६ने वाढला की त्यातून वाहणारी धारा दहापट होते. स्पाइस अशा डायोडसाठी जे प्रमाण गृहीत धरते त्याप्रमाणे ०.६ व्होल्टला त्यातून एका मिलिअँपिअरच्या आठव्या हिश्श्याइतकी धारा वाहते. आणि एक व्होल्टला? सहाशे अँपिअरच्या वर. अशा घटकाला बीजगणिताचे सरळ उत्तर नसते. म्हणून न्यूटन व रॅफसन यांची सतराव्या शतकातील रीत वापरतात: एक अंदाज धरावयाचा, त्या ठिकाणी वक्ररेषेला स्पर्शरेषा काढावयाची, ती क्षणभर खरी मानून नवा अंदाज काढावयाचा, आणि दोन लागोपाठचे अंदाज जुळेपर्यंत हेच करीत राहावयाचे.

आता समजा, पहिला अंदाज ०.३ व्होल्टचा धरला. तिथे डायोड जवळजवळ बंद असतो, स्पर्शरेषा सपाट निघते, आणि गणित म्हणते की मग बॅटरीचे सगळे पाच व्होल्ट डायोडवरच असले पाहिजेत. ठीक, पाच व्होल्टला धारा किती? एकावर सत्तर शून्ये इतके अँपिअर! सूर्यमालेतल्या सगळ्या विजेनेही भागणार नाही असे हे उत्तर. तिथून गणित मागे फिरते खरे, पण दर पावलाला अवघे ०.०२६ व्होल्ट. खरे उत्तर ०.६९ व्होल्टच्या आसपास आहे. तिथवर परतावयास एकशे साठांहून अधिक पावले लागतील, आणि आज्ञावलीला साधारणपणे शंभर प्रयत्नांचीच मुभा असते. म्हणजे एका डायोडच्या पोरखेळात गाडी अडकली. जिथे असे शे-दोनशे दरवाजे एकमेकांवर अवलंबून आहेत तिथली कल्पनाच करावी. यावर तोड म्हणून एका पावलात व्होल्टला किती उडी मारू द्यावयाची यावर आज्ञावली लगाम ठेवते, आणि प्रत्येक संधीच्या दोन टोकांमध्ये एक अत्यंत क्षीण गळती आपल्या पदरची घालते, जेणेकरून गणिताला धरावयास काहीतरी आधार राहावा. या गळतीचे प्रमाण इतके अल्प असते की उत्तरात सहसा फरक पडत नाही. नेगल यांच्या कामाचा मोठा भाग असल्या चिवट, नाव न होणाऱ्या तोडग्यांचा आहे. सिद्धांत मांडणारे अनेक होते. तो सिद्धांत दुसऱ्याच्या हातात, त्याच्या वेड्यावाकड्या परिपथावर, मध्यरात्रीसुद्धा चालावा अशी तजवीज करणारे थोडे.

वर्गाने लिहिलेली आज्ञावली पेडरसन यांना पसंत पडली. सगळे उत्तीर्ण झाले. तिचे नाव मात्र विद्यार्थ्यांनी असे ठेवले होते की ते उच्चारताना आजही जीभ अडखळते: कॅन्सर. ‘कॉम्प्युटर अ‍ॅनालिसिस ऑफ नॉनलिनिअर सर्किट्स, एक्स्क्लूडिंग रेडिएशन’ या शब्दांची ती आद्याक्षरे. शेवटच्या दोन शब्दांतच टोमणा आहे. त्या काळच्या अशा बऱ्याच आज्ञावली अमेरिकन संरक्षण खात्याच्या पैशावर लिहिल्या जात, आणि अण्वस्त्राच्या किरणोत्सर्गात परिपथ टिकेल की नाही हे त्यांना सांगता आले पाहिजे अशी अट असे. बर्कलीच्या आवारात तेव्हा व्हिएतनाम युद्धाविरुद्ध निदर्शने चालू होती. आमची आज्ञावली सगळे करील, तेवढा किरणोत्सर्ग सोडून, असे या मुलांनी नावातच सांगून टाकले. नेगल आणि रोरर यांचा तिच्यावरील निबंध १९७१ साली प्रसिद्ध झाला.

त्यानंतर रोरर बर्कली सोडून गेले आणि नेगल पेडरसन यांच्या हाताखाली आले. इथे ती अट येते. कॅन्सर ही आज्ञावली खाजगी स्वरूपाची होती. तिच्या वापरावर आणि वाटपावर बंधने होती. पेडरसन यांनी नेगल यांना सांगितले की ही बंधने गळून पडतील इतकी ती पुन्हा लिहून काढा, आणि जी नवी आज्ञावली होईल ती सर्वांसाठी खुली राहील. विद्यार्थ्याच्या बाजूने विचार केला तर ही अट कठोर होती. चालत असलेली वस्तू मोडून पुन्हा घडवावयाची, आणि घडल्यावर तिच्यावर आपला हक्क सांगावयाचा नाही. नेगल यांनी ती मान्य केली. नव्या आज्ञावलीचे नाव स्पाइस, म्हणजे मसाला. हीही आद्याक्षरेच, एकात्मिक परिपथांवर भर देणारी सदृशीकरणाची आज्ञावली अशा अर्थाची. कॅन्सर नावाची वस्तू कोणी आपण होऊन घरात घेणार नाही, मसाला कोणीही घेईल. एप्रिल १९७३ मध्ये कॅनडातील वॉटर्लू येथील परिषदेत पेडरसन यांनी ती जगापुढे ठेवली. ज्याला हवी त्याने चुंबकीय फितीचा नाममात्र खर्च पाठवावा आणि घेऊन जावी. कित्येक विद्यार्थी तर पदवी घेऊन नोकरीवर रुजू होताना ती फीत बरोबर घेऊन गेले.

पेडरसन यांचे यामागचे म्हणणे त्यांचे सहकारी रिचर्ड न्यूटन सांगत असत. आज्ञावली विकावयास निघालो तर कारखान्यात पुढच्या दाराने, विक्रेत्यासारखे जावे लागेल. फुकट दिली तर मागच्या दाराने आत जाता येते, आणि तिथे काम करणारी माणसे आपल्या खऱ्या अडचणी मोकळेपणाने सांगतात. आम्हा सरकारी नोकरांच्या भाषेत मागच्या दाराचा अर्थ फार वेगळा आहे, आणि त्या अर्थाने ते दार बंद असलेलेच बरे. परंतु पेडरसन यांचे मागचे दार निराळे होते. तिथून आत जाणाऱ्याच्या हातात देण्याजोगे काही होते आणि बाहेर येताना त्याच्या हातात चुकांची यादी होती. कुठला परिपथ सुटला नाही, कुठे उत्तर खोटे आले, कुठे संगणकाची स्मृती अपुरी पडली, हे सगळे बर्कलीला परत येत गेले. जी आज्ञावली शेकडो ठिकाणी, शेकडो प्रकारच्या परिपथांवर घासली गेली ती सुधारली. ज्या कंपन्यांच्या भिंतीआड राहिल्या, त्यांना एवढ्या परीक्षकांचा लाभ मिळणे शक्य नव्हते.

या परत आलेल्या तक्रारींतून स्पाइसची दुसरी आवृत्ती घडली. पहिलीत समीकरणांची मांडणी अशी होती की काही प्रकारचे घटक, उदाहरणार्थ आदर्श बॅटरी आणि वेटोळी, तीत नीट बसत नसत. दुसरीने मांडणीच बदलली. पहिली काळाचे पाऊल ठरावीक अंतराने टाकी. दुसरी, परिपथात काही घडत नसेल तेव्हा लांब ढांगा टाकते आणि घडामोड सुरू झाली की जपून चालते. हाच नेगल यांच्या डॉक्टरेटचा प्रबंध, १९७५ सालचा. एलिस कोहेन यांनी त्यानंतर तिच्यावर पुष्कळ हात फिरवला. १९८३ पर्यंत फोर्ट्रान भाषेतील आवृत्त्या निघत राहिल्या, आणि १९८९ मध्ये टॉमस क्वार्ल्स यांनी सी भाषेत तिसरी आवृत्ती पुरी केली.

प्रबंध पुरा झाल्यावर नेगल बेल प्रयोगशाळांत रुजू झाले. तिथे त्यांनी ‘अ‍ॅडव्हाइस’, म्हणजे सल्ला, नावाची दुसरी आज्ञावली उभी करण्यात भाग घेतला. मसाल्यानंतर सल्ला! ती उत्तम होती असे जाणकार सांगतात, परंतु ती त्या संस्थेच्या अंतर्गत वापरासाठी होती आणि बाहेरच्या जगाला तिचे नावही फारसे ठाऊक नाही. मला या कारकीर्दीतील सर्वांत विचार करण्याजोगी गोष्ट हीच वाटते. विद्यार्थिदशेत, विद्यावेतनाच्या दिवसांत लिहून देऊन टाकलेले काम जगभर गेले. पिकलेल्या अनुभवाने, पगारावर केलेले काम भिंतीच्या आत राहिले. दरम्यान स्पाइसच्या पायावर इतरांनी व्यापार उभे केले. मेटा-सॉफ्टवेअर या कंपनीने एचस्पाइस काढले, मायक्रोसिम कंपनीने १९८४ साली ते वैयक्तिक संगणकावर आणून पीस्पाइस म्हणून विकले, आणि अभियांत्रिकीची एक अख्खी पिढी त्यावर शिकली. १९९८ साली नेगल यांनी स्वतःचा सल्लागाराचा व्यवसाय सुरू केला. त्याच वर्षी पेडरसन यांना आयईईई या संस्थेचे सर्वोच्च मानपदक स्पाइसच्या निर्मितीसाठी मिळाले. २००४ साली ते वारले. २०११ मध्ये त्याच संस्थेने स्पाइसला अभियांत्रिकीतील मैलाचा दगड म्हणून गौरविले. नेगल यांचे यात नुकसान झाले काय, असा प्रश्न आपल्याकडे कोणीही पहिल्यांदा विचारील. पैशाचा हिशेब मांडावयास मी बसलेलो नाही. परंतु एवढे खरे की ती आज्ञावली विकावयास काढली असती तर ती विकणाऱ्यांच्या गर्दीतली आणखी एक ठरण्याचा संभव फार होता. आज अभियंते एखादा परिपथ संगणकावर चालवून पाहण्याच्या क्रियेलाच ‘स्पाइस करणे’ म्हणतात. नावाचे क्रियापद व्हावे हे भाग्य किती जणांच्या वाट्याला येते?

स्तुती पुष्कळ झाली. दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. कॅलिफोर्नियातील नॅशनल सेमीकंडक्टर या कंपनीत रॉबर्ट पीझ नावाचे एक नामांकित परिपथकार होते. २०११ साली त्यांचे निधन झाले. स्पाइसवर त्यांचा मुळीच विश्वास नव्हता आणि आपल्या नियतकालिकातील सदरातून ते तो अविश्वास कसलीही भीड न बाळगता प्रकट करीत. संगणक खोटे बोलतो, हातात डाग देण्याची कढई नसलेल्या माणसाला परिपथ कळत नाही, असा त्यांचा एकंदर रोख. त्यांचे म्हणणे विक्षिप्त मानून सोडून देणे सोपे आहे, पण तर्कशास्त्र शिकलेल्या माणसाला ते तसे सोडता येत नाही. अनुमान निर्दोष असणे एक आणि निष्कर्ष सत्य असणे दुसरे. सगळे कावळे पांढरे असतात हे गृहीत धरले, तर अंगणातला कावळा पांढरा, हे अनुमान बिनचूकच असते! स्पाइस अनुमान करते. तिला दिलेले गृहीत, म्हणजे ट्रान्झिस्टरचे गणिती वर्णन, ते जर अपुरे असेल तर ती अपुऱ्या वर्णनावरून अत्यंत काटेकोर, पाच दशांश स्थळांपर्यंतचे चुकीचे उत्तर देते. शिवाय जे तिला सांगितलेच नाही, शेजारच्या तारेची कुरबुर, चिपचे तापणे, ते तिच्या लेखी अस्तित्वातच नसते. कागदावर सर्व नोंदी जुळल्या म्हणजे पूल उभा राहिला असे नव्हे, हा अनुभव आमच्या खात्यांतूनही येतोच.

यामुळेच आज्ञावलीइतकेच महत्त्व त्या वर्णनांना आले. बेल प्रयोगशाळेतील गमेल व पून यांनी १९७० साली दिलेले ट्रान्झिस्टरचे वर्णन स्पाइसने उचलले. पुढे नव्या धर्तीच्या ट्रान्झिस्टरसाठी चेनमिंग हू यांच्या नेतृत्वाखाली बर्कलीतच बीसिम नावाची वर्णने तयार झाली आणि उद्योगाने ती प्रमाण मानली. या क्षेत्रात आता भारताचाही हात आहे. गॅलियम नायट्राइडच्या ट्रान्झिस्टरचे जे एक वर्णन २०१८ साली उद्योगाने प्रमाण म्हणून स्वीकारले, त्याच्या घडणीत आयआयटी कानपूर येथील संशोधकांचा मोठा वाटा आहे. मुंबईत, पवईच्या आयआयटीमध्ये प्राध्यापक महेश पाटील यांनी सीक्वेल नावाची परिपथ-सदृशीकरणाची स्वतंत्र आज्ञावली लिहिली. विद्युत्-शक्तीच्या परिपथांच्या अध्ययनात तिचा उपयोग झाला.

पवईतच आणखी एक काम चालते, आणि पेडरसन यांच्या अटीचे फळ आपल्या दारात पाहावयाचे तर ते तिथे दिसते. चिप घडविणाऱ्या मोठ्या कंपन्या ज्या आज्ञावली वापरतात त्यांचा परवाना आपल्या तालुक्याच्या गावच्या अभियांत्रिकी महाविद्यालयाला परवडण्यासारखा नाही. मग प्राचार्य काय करतात? एक तर विषय फळ्यावर उरकतात, किंवा कोठून तरी चोरीची प्रत येते आणि सगळे तिकडे काणाडोळा करतात. पहिल्याने मुलाचे शिक्षण अधुरे राहते. दुसऱ्याने, कायदा मोडणे हा शिक्षणाचा पहिला धडा ठरतो. केंद्र सरकारच्या शिक्षण खात्याच्या साहाय्याने चालणाऱ्या फॉसी या प्रकल्पात ई-सिम नावाची आज्ञावली बांधली गेली. ती कोणालाही विनामूल्य उतरवून घेता येते. तिच्या पोटात गणित करणारी जी आज्ञावली आहे तिचे नाव एनजीस्पाइस, आणि ती बर्कलीच्या तिसऱ्या आवृत्तीची थेट वंशज होय. म्हणजे १९७१-७२ मध्ये बर्कलीत एका प्राध्यापकाने विद्यार्थ्याला घातलेली अट आज उदगीरच्या किंवा कणकवलीच्या मुलाच्या उपयोगी पडू शकते.

माझा एक पुतण्या अशाच एका महाविद्यालयात शिकतो. डायोडची जी आकडेमोड मी वर सांगितली, तिचा ताळा मी त्याच्या संगणकावर याच एनजीस्पाइसकडून करून घेतला. उत्तर जुळले, ०.६९ व्होल्ट, ४.३ मिलिअँपिअर. पण पहिल्या खेपेला ते जुळले नव्हते. मी चार ओळींत परिपथाचे वर्णन लिहिले होते आणि पहिल्याच ओळीत बॅटरी मांडली होती. यंत्र म्हणे, परिपथात कुठेही विद्युतधारा नाही. मी रोधक तपासला, डायोडची दिशा उलटी तर झाली नाही ना ते पाहिले, आणि शेवटी पुतण्याला हाक मारली. तो हसून म्हणाला, “काका, पहिली ओळ ती वाचतच नाही. ती शीर्षकाची समजते.” बर्कलीच्या संगणक-केंद्रात नेगल आणि त्यांचे सोबती आपले परिपथ छिद्रे पाडलेल्या कार्डांच्या गठ्ठ्यात घेऊन जात, आणि सगळ्यांत वरच्या कार्डावर गठ्ठा कोणता ते लिहिलेले असे. कार्डे गेली, गठ्ठा गेला, तो संगणकही गेला; वरच्या कार्डाची जागा अजून राखून ठेवलेली आहे. मी बॅटरी दुसऱ्या ओळीवर नेली आणि पहिल्या ओळीत माझे नाव लिहिले.